डोक्याभोवती लाल गोल

काळाचौकी, मुंबई

ती. रघुवीर भावोजी यांना शिवाचा साष्टांग नमस्कार. कमलताईचे गुडघे काय म्हणतात? तुमची प्रेशरची गोळी चालू असेलच. 'आम्ही इकडे खुशाल' असं लिहायची पद्धत आहे, पण आम्ही खुशाल नाही. (फोन करत नाही, कारण फोन ऐकले जातात असं टीव्हीवरच सांगितलं.)

भूखंड घोटाळ्यातले ते मंत्री चार वर्षांपूर्वी आमच्या मंडळाच्या आरतीला आले होते. त्यांना शाल-श्रीफळाची पिशवी मी दिली. ते चित्रण कुठून तरी उकरून एका वाहिनीने माझ्या डोक्याभोवती लाल गोल काढलाय, आणि सोमवारपासून दर पाच मिनिटांनी एक बाई ओरडते, 'पिशवीत दडलंय काय?' अहो, नारळ! (आणि शाल, तीही मंडळाला आदल्या वर्षी कुणी तरी दिलेली.) खुलासा करायला फोन केला, तर म्हणाले, चर्चेत या. गेलो. सात जण एकदम बोलत होते, माझ्या वाट्याला दोन शब्द आले, 'नारळ होता', आणि खाली पट्टी फिरली, 'पिशवी दिल्याची कबुली'.

शेजारच्या अंबिकावहिनी मला बघून दार लावतात. आमची सीमासुद्धा भात वाढता वाढता म्हणाली, "काय नसतं, तर गोल कशाला काढला असता?" तेही सोसलं. पण रविवारी गणपतीच्या पाद्यपूजनाला, तीस वर्षांच्या रिवाजाप्रमाणे, मी गाऱ्हाणं घालायला उभा राहिलो. 'बा देवा म्हाराजा, तुझ्या लेकरांची राखण कर रे म्हाराजा' म्हणून थांबलो, आणि 'व्हय म्हाराजा' म्हणायला एकानेही तोंड उघडलं नाही. भावोजी, मला तिथेच रडू फुटलं. तेव्हापासून एका जागी बसवत नाही. बसलो की टीव्ही लावतो, लावला की मीच दिसतो, की पुन्हा उठतो.

आपला (अजून बाहेर असलेला) मेहुणा,
शिवा

ता. क. खरं काम हे. अध्यक्ष निलेश म्हणतो, मंडपाच्या मुहूर्तालाही साथ मिळाली नाही, तर गाऱ्हाणं दुसऱ्याकडे देऊ. तुमचा आवाज खणखणीत. त्या दिवशी या, मागे उभे राहा आणि जोरात 'व्हय म्हाराजा' म्हणा. एकाने म्हटलं की बाकीचे म्हणतील.

आणखी ता. क. पत्र टाकायचं राहिलं आणि मुहूर्त काल झालासुद्धा. आता येऊ नका. त्या आरतीला तुम्ही माझ्यामागे उभे होतात ना, परवापासून गोल तुमच्याभोवती आहे. काल अख्ख्या चाळीने मला साथ दिली. ('रघुवीर भावोजींना सुबुद्धी दे रे म्हाराजा' याला सगळ्यांत मोठी.) माझा तुमच्यावर पूर्ण विश्वास आहे. फक्त एवढं कळवा, तुमचा डावा हात तेव्हा खिशात का होता?