नानांचा हात

४ मे १९९९, धुळे
मिक्सिंगच्या सॉफ्टवेअरचं नवं व्हर्जन टाकलं एकदाचं. जुन्यावर लग्नाच्या शूटिंगची कामं सुरळीत चालली होती, पण हल्ली प्रत्येकाला कॅसेटमध्ये गुलाबाच्या पाकळ्या पडताना हव्यात. जळगावचा कंप्युटरवाला म्हणाला होता, "लगीनसराईत हात लावू नका, हे अजून हँग होतं." ऐकेन तो मी कसला! हातात काम पारोळ्याच्या नानांचं. त्यांच्या एकुलत्या रेखाचं लग्न.

७ मे
दिवसभर हँग. कन्यादानावर पाकळ्या टाकल्या की बंद. चौथ्यांदा चालू केलं तर कन्यादानाची फाइलच उघडेना. बाकी लग्न शाबूत. म्हटलं, कॅसेटवरून परत घेऊ. आणि मग आठवलं. त्याच कॅसेटवर परवा सोनगीरचं लग्न शूट केलंय. कोरी कॅसेट हाताशी नव्हती, म्हटलं नानांचं कंप्युटरमध्ये आहेच की. गाढव आहे मी.

९ मे
सोनगीरच्या लग्नातलं कन्यादान उचललं. नुसते हात, पाण्याची धार. वरून पाकळ्या. हात काय, सगळ्यांचे सारखेच. मंदा मागे उभी होती. "अहो, सांगून टाका ना त्यांना." तिच्यावरच खेकसलो.

१३ मे
कॅसेट दिली. नाना पाया पडायला लागले. माझ्यापेक्षा वीस वर्षांनी मोठा माणूस! नको झालं.

२४ मे
नाना पेढे घेऊन आले. भाऊबंदांना तीनदा दाखवली म्हणे. मग उजवा हात टेबलावर ठेवला. मधली दोन बोटं नाहीत. कापसाच्या जिनिंगच्या मशीनमध्ये गेली, रेखाच्या जन्माआधी.
"भाऊ, तुमना कंप्युटरनी मना हात नीट करी दिना. बठ्ठा गाव दखस."
म्हणजे सगळं गाव तो हात बघतंय. लग्नात दिवसभर या माणसावर कॅमेरा धरला होता, आणि हात दिसला नाही मला. हो म्हणालो. नवीन सोय आहे म्हणालो. कुठे फेडू हे पाप!
तेवढ्यात ते म्हणाले, "पन मनी पोर हाऊच हात धरीसन चालाले शिकनी. हाऊच ऱ्हाऊ द्या. खरा टाकी द्या."
हाच हात धरून पोर चालायला शिकली, तोच खरा हात हवाय त्यांना. पुढच्या सोमवारी या म्हणालो.

२७ मे
त्यांच्या गावचा एक जण येऊन गेला. पोराचा डोळा तिरपा आहे, लग्नाच्या कॅसेटमध्ये सरळ होईल का? हाकललं त्याला. चूक त्याची काय होती?

३१ मे, सोमवार
नाना आलेत. रेखाही सोबत आहे, माहेरपणाला आलीय. नाना चहा सांगायला बाहेर गेले तशी हळूच म्हणाली, "भाऊ, त्यातला मुलीचा हातही माझा नाही ना? बांगड्या वेगळ्या आहेत."
नाही म्हणून मान हलवली.
"खरं कन्यादान कुठेच नाही?"
"नाही."
डोळे भरले तिचे. रडली नाही. म्हणाली, "मग तुम्हीच सांगा बाबांना. मी नाही सांगणार."
आलोच म्हणून आतल्या खोलीत आलो आणि हे लिहीत बसलोय. शरम वाटते. पण बाहेर जाऊन सांगवत नाही. बाहेर नाना चहावाल्याला सांगताहेत, "भाऊ आते मना हात वापस देतीन."