पुलावरची बस

चि. धाकटीस,

ताईचे भरभरून आशीर्वाद. मी ठणठणीत आहे, आणि आज इतकी खूश आहे की चहा निवतोय तरी आधी तुला लिहायला बसले.

जुना पूल भरल्या बससकट कोसळला, त्याला दोन वर्षं झाली. आता नवा पूल झाला, चार महिन्यांपूर्वी बसही सुरू झाली. पण इथल्या लोकांनी अजब रीत पाडली आहे. पुलाअलीकडे सगळे उतरतात, चालत पलीकडे जातात आणि ड्रायव्हर एकटा रिकामी बस आणतो. मग ही मंडळी साळसूदपणे आपापल्या जागेवर! खोटं कशाला बोलू, मीही उतरायचे.

आज मात्र ड्रायव्हर डोळे मिटून स्टिअरिंगला हात जोडताना दिसला आणि माझं डोकंच फिरलं. मी बसून राहिले.

"आजी, उतरा."

"आजी असेन तुझ्या घरी! तू काय दगडाचा आहेस, एकटा जायला? घे गाडी."

"काही झालं तर?"

"झालं तर दोघांचं होईल."

"तिघांचं," म्हणत उतरलेली एक नर्स परत चढली. मागोमाग एक न्हावी, कुरकुरत. होता होता सात जण झालो. पूल सरेपर्यंत मी दांडा असा आवळला होता की बोटं अजून ठणकताहेत.

पलीकडे पोचल्यावर ड्रायव्हर मागे वळला आणि मोठ्याने म्हणाला, "चला, इथे उतरणारे कोण?" चार महिन्यांत त्याला हे विचारायची वेळच आली नव्हती!

तुझे गुडघे कसे आहेत? दादाला यातलं काही सांगू नकोस. तो मला न्यायला येईल, आणि उद्या मला हीच बस गाठायची आहे.

तुझी, आता न उतरणारी,
ताई