सहाव्या रंगाबाबत

मी, रोंगो तामाईवा, वय वर्षे शहात्तर, पूर्वी शिंपले काढणारा पाणबुड्या व सध्या पाच फडक्यांच्या शाळेचा गुरू, राहणार मोतुकेआ, उत्तर कुक बेटे, हे मृत्युपत्र कोणाच्याही दडपणाखाली न येता स्वतःच्या हाताने लिहीत आहे. फुफ्फुसं कामातून गेली आहेत, डोकं शाबूत आहे. उलट झालं असतं तर हे लिहायची वेळ आली नसती.

१. राहतं घर माझी मयत भाची मेटुआ हिची मुलगी इना हिला द्यावं. जमीन घराण्याची आहे, ती मी देणारा कोण? उत्तरेकडचे पत्रे गळतात, ते आधी बदलावेत.

२. चुलतभाऊ तुकी याने २०११ साली 'दोन दिवसांसाठी' नेलेलं होडीचं इंजिन आता त्याचंच समजावं. मात्र माझ्या दफनाच्या वेळी त्याला भाषण करू देऊ नये.

३. शाळेचा धडा इथे मांडतो, कारण पुढचं सगळं त्यावर अवलंबून आहे. शिष्य मनगटाला पाच फडकी बांधून प्रवाळाच्या कड्याबाहेर बुडी मारतो. जसजसं खोल जावं तसं आधी लाल काळं पडतं, मग नारिंगी, पिवळं, हिरवं आणि शेवटी निळं. माझे आजोबा सांगत की लालबरोबर राग गळतो, नारिंगीबरोबर हाव, पिवळ्याबरोबर भीती, हिरव्याबरोबर आठवणी आणि निळ्याबरोबर 'मी'. मग उरते ती नुसती जाण, आणि तिला सूर्य लागत नाही, तिचा स्वतःचा रंग असतो. तो सहावा. त्यासाठी दंडाला पांढरं फडकं बांधून उतरायचं. जो तो रंग पाहून परत येतो, तो गुरू.

४. १९६७ साली मी उतरलो. निळं गेलं आणि पाठोपाठ माझी शुद्धही गेली. भानावर आलो तेव्हा होडीत होतो आणि नाकातून रक्त येत होतं. आजोबांनी विचारलं, "काय दिसलं?" अकरा माणसं माझ्या तोंडाकडे बघत होती. मी म्हटलं, "दिसला." "कसा होता?" "त्याला नाव नाही." आजोबा रडायला लागले. मला काहीही दिसलं नव्हतं. एवढं एक वाक्य लिहायला मला बावन्न वर्षं लागली.

५. पलंगाखालच्या पेटीत पाण्यात चालणारी बॅटरी आहे, ती इनाला द्यावी. १९९१ साली मी ती रारोटोंगाहून आणली आणि पंधरा वाव, म्हणजे नव्वद फूट, खाली जाऊन लावली. मनगटावरचं लाल फडकं लालभडक होतं, बांधलं तसंच. काहीच गळालं नव्हतं, तिथवर उजेड पोचत नव्हता एवढंच. भीती तर चांगलीच जागेवर होती. वर आलो, बॅटरी पेटीत टाकून कुलूप लावलं आणि दुसऱ्या दिवशी शाळेत नेहमीचा धडा घेतला.

६. त्यानंतर आठ वर्षांनी मेटुआ पांढरं फडकं घेऊन माझ्याकडे आली. "मामा, खरंच दिसतो ना? का आपलं म्हणायचं?"

"दिसतो. तू आधी श्वासाकडे लक्ष दे."

"तू म्हणतोस म्हणजे असणारच," ती म्हणाली.

दुसऱ्या दिवशी आम्ही तिचं प्रेत वर काढलं. होडीत उन्हात ठेवली तेव्हा मनगटावर पाचही रंग लख्ख दिसत होते. बेटावर सगळे म्हणाले, तिला सहावा रंग दिसला आणि परत यावंसं वाटलं नाही. मी मान डोलावली. तिचा जीव माझ्यामुळे गेला. इना तेव्हा दीड वर्षाची होती.

७. येत्या सोमवारी इना पांढरं फडकं बांधून उतरणार आहे. मागच्या आठवड्यात मी तिला सांगायला घेतलं, तर म्हणाली, "आजोबा, आजारपणाने घाबरट झालात तुम्ही. आई जिथे राहिली ते मला एकदा बघू द्या." आणि मी गप्प बसलो. मृत्युपत्र माणूस मेल्यावर उघडतात, पण मी सोमवारच्या आत मरेनच याचा भरवसा नाही. म्हणून हे पत्र रविवारी, प्रार्थना संपताच, इनासह सर्वांसमोर ~~साक्षीदार क्रमांक एक यांनी~~ मी स्वतः मोठ्याने वाचावं. तिथून पुढे शाळा बंद.

८. मेटुआच्या दंडावरचं पांढरं फडकं माझ्याकडे होतं. ते तिच्या आईचं, म्हणजे माझी बहीण तुआईने हिचं. ज्याला काही मिळणार त्याने साक्षीदार होऊ नये, असं पाद्रीसाहेबांचं म्हणणं पडलं, म्हणून ते आजच तिच्या हातात दिलं. तिने घडी उलगडली नाही.

कलम ७ मधील खाडाखोडीचा खुलासा: मजकूर दोन्ही साक्षीदारांना वाचून दाखवल्यावर तुआईने ही वीस वर्षांत पहिल्यांदा माझ्याशी बोलली.

"सही करते. पण रविवारी मी वाचणार नाही. पोरींनी खोटं तुझ्या तोंडून ऐकलं, खरंही तुझ्याच तोंडून ऐकू दे. चालवत नसेल तर खुर्चीसकट उचलून नेऊ."

पाद्रीसाहेब म्हणाले, "ताई, एवढा दम नाही हो त्यांच्यात."

"खोटं बोलायला होता," ती म्हणाली. "थांबत थांबत वाचेल."

सबब दुरुस्ती मला मान्य आहे. खोडलेल्या शब्दांशेजारी आम्ही तिघांनी सह्या केल्या आहेत.

ठिकाण: मोतुकेआ
दिनांक: २६ एप्रिल २०१९, शुक्रवार

(सही) रोंगो तामाईवा

साक्षीदार:
१. (सही) तुआईने तामाईवा, बहीण. माफ केलेलं नाही.
२. (सही) पाद्री तिआवारे मानु. खुर्ची मी धरीन.