कमानीवरचं आडनाव

६ जाने., मंगळ.
सकाळी दारात विश्वनाथ. आमच्या गावचा सरपंच, चौथीपर्यंत माझ्या शेजारी बसायचा तोच. सोबत दोघं. निवडणुकीच्या आधी मला जयभीम घालतो, नंतर नमस्कार. आज जयभीम होता, तेव्हाच ओळखायला हवं होतं.

गावाच्या तोंडाशी कमान बांधलीय म्हणे, माझं नाव देणार. २६ला झेंडा झाला की उद्घाटन. मोबाइलवर फ्लेक्स दाखवला. लढाऊ विमान, त्यात बसवलेलं माझं डोकं. चष्म्यासकट! डोकंच फिरलं. अरे बाबा, मी पायलट नव्हतो, इंजिनिअरिंगवाला. आयुष्य हँगरमध्ये विमानं दुरुस्त करण्यात गेलं. "आसू द्या हो सायेब, लोकाला इमान पायजे." तासभर हुज्जत घालून विमान काढायला लावलं. जिंकलो असं वाटलं.

ते गेल्यावर बायको, सु., म्हणाली, "विमानावरून एवढं भांडलात. खालचं नाव वाचलंत का?"

एअर कमोडोर उत्तमराव साहेब प्रवेशद्वार.

आडनाव नाही.

८ जाने.
वि.ला फोन. म्हणे जागा पुरत नाही. एअर कमोडोरला पुरते, साहेबला पुरते, प्रवेशद्वार एवढं लांबलचक, त्यालाही पुरते. वाव्हळेला नाही. तीन अक्षरं!

खोदल्यावर खरं बोलला. "आडनाव टाकलं की गावात दोन गट व्हतेत सायेब. नुसतं उत्तमराव म्हणलं की तुमी सगळ्या गावाचे."

म्हणजे आडनावासकट मी फक्त आमच्या वस्तीचा. सगळ्या गावाचं व्हायचं तर ते बाहेर काढून ठेवायचं, देवळाबाहेर चप्पल काढतात तसं. फोन आपटला. बीपीची गोळी घेतली.

९ जाने.
राग उतरत नाही.

फौजेत सगळं उलट. तिथं उत्तम कुणाला माहीतच नव्हतं. छातीवर पट्टी, पट्टीवर वाव्हळे. मेसमध्ये वाव्हळे, शिव्या खाताना वाव्हळे, बढतीच्या दिवशीही वाव्हळे. कोणी तोंडावर विचारलं नाही असं नाही, "ये कौन से होते हैं?" विचारणारे भेटले. पण विमान उडण्याजोगं आहे, या कागदावर सही माझी असायची. सही म्हणजे नुसतं आडनाव. पोरं त्या सहीच्या भरवशावर आभाळात जायची. त्यांना कुठं जागा कमी पडली नाही.

१२ जाने., सोम.
बाळू आला, माझा धाकटा भाऊ. शेती तोच बघतो, गावातच राहतो. हरभऱ्याचे टहाळ आणले होते, सु. खूश. मग विषय निघालाच.

"सोडून दे न दादा. तू परभणीत राहतूस. मला तिथं राहायचंय. नळाला, गिरणीवर रोज तीच तोंडं बघायचीत."

मी ओरडलो. काय काय बोललो, लिहीत नाही. तो उठून गेला. चहा तसाच. सु. दिवसभर माझ्याशी बोलली नाही. बाळूचं चूक नाही, याचा आणखीनच संताप.

१५ जाने.
वि.चा तोडगा: "उत्तमराव व्ही. साहेब."
"व्ही. म्हणजे काय?"
"ज्याला समजायचं त्याला समजतंय. न्हाई त्याला न्हाई."
हसावं की याला धरून हाणावं! सांगून टाकलं, पूर्ण टाका नाहीतर माझं नाव काढा, मी येणार नाही.
"पाहुणे यायलेत सायेब, कार्डं वाटलीत."
"मग पाहुण्यांचंच नाव द्या."

१८ जाने., रवि.
आज सारखे आबा, माझे वडील, डोळ्यांसमोर. मी अधिकारी झालो तेव्हा परेड बघायला बंगलोरला आले होते. कडक इस्त्रीचं धोतर. आमचे एक प्रशिक्षक पुढं आले, हात पुढं केला, "मिस्टर वाव्हळे, अभिनंदन." आबांनी मागे वळून पाहिलं. कोणाला म्हणतात ते बघायला.

जन्मभर गावात गंग्या. रेल्वेच्या रुळावर मजुरी करताना तर नुसतं "ए".

परतीच्या गाडीतून पिंगळी स्टेशनवर उतरताना हळूच म्हणाले, "त्यो सायेब मलाच म्हणला न रे?"

आणि यांची जागा पुरत नाही. हरामखोर.

२१ जाने., बुध.
कळलं की अक्षरं बसवली. त्यांच्या मर्जीचीच. वरून कापड टाकलंय. बाळू फोन उचलत नाही. मी जाणार नाही म्हणजे नाही.

सु. म्हणते, "नाही गेलात तरी नुसतं उत्तमराव तिथंच राहणार. तुमच्यामागंही."

बरोबर आहे. गेलो तर स्वतःच्या हातानं कापड ओढायचं, नाही गेलो तर दुसरा कोणी ओढणार. दोन्हीकडून मीच मूर्ख. जेवण गेलं नाही.

२४ जाने., शनि.
सकाळीच बाळू. बसला नाही. मान खाली घालून सांगितलं. परवा तो आपणहून वि.कडे गेला होता, मला न सांगता. म्हणाला, टाका आडनाव, गाव फुटत नसतंय. गिरणीसमोर चार माणसांत वि. त्याला म्हणाला, "बाळ्या, तुझा भाऊ सायेब झाला म्हणून तुमी काय बदललाव का?"

"हसले दादा सगळे. लय हसले."

त्या दिवशी मी याच्यावर ओरडलो होतो.

मग म्हणाला, "दादा, इमानावर नंबर लिव्हतेत, त्यो पेंट कोणता असतो रे? उन्हापावसात जात न्हाई तो."

तोंडाकडं पाहिलं. थट्टा नव्हती.

"आधी प्रायमर लागतो," म्हणालो. "कमानीचा दगड गुळगुळीत असणार, नुसता पेंट धरणार नाही. घासून घ्यावा लागेल."

"वाळायला किती येळ?"

"एक दिवस तरी."

"म्हंजे आजच."

चप्पल घालून दारात उभा आहे. मी घाईत हे लिहितोय. सु. गाडीची किल्ली शोधतेय.