पहिला व्हय

७ एप्रिल २०२५, सोमवार

निलेशचा उजवा हात राहिला, पण बोटं गेली. म्हणजे बोटं आहेत, मिटत नाहीत. गोव्याच्या डॉक्टरने सांगितलं, आता हे असंच. निलेश माझा मोठा भाऊ. काजूच्या झाडावर बघता बघता शेंड्याला जायचा. आता वहिनी त्याला भात कालवून देते.

आणि कशावरून? होळीच्या झाडाला पहिला हात कोणी लावायचा यावरून! एक वर्ष मान आमच्या घराचा, एक वर्ष चुलत्यांच्या घराचा. कोरोनात पोलिसांच्या भीतीने चार माणसांनी गुपचूप होळी उभी केली. ती पाळी धरायची की सोडायची? एवढाच वाद. दर शिमग्याला बोलाचाली व्हायची आणि मिटायची. या वेळी चुलतभाऊ अजयच्या हातात फांद्या साळायचा कोयता होता.

केस केली नाही. मोठी माणसं म्हणाली, घरातलं घरात ठेवा.

मी इथे गुजरातेत वेरावळला, मासळीच्या कंपनीत बर्फ फोडतो. लादी आली की टोच्याने फोडायची, दिवसभर तेच. शिमग्यापासून प्रत्येक लादीत मला अजयचा हात दिसतो. मनगटापासून पुढचा. मी बरोबर तिथेच टोचा मारतो. हे कोणाला सांगितलेलं नाही.

९ एप्रिल

आईचा फोन. 'कोण, निलेश?' 'नाय गो आये, सुशांत. तूच माका फोन केलंस.'

आम्हा दोघा भावांचा आवाज फोनवर एकच. एकदा नम्रता वहिनीने मला निलेश समजून खूप वेळ झाडलं. बाजारातून मासे साफ न करता आणले म्हणून. मी गप ऐकलं. शेवटी म्हटलं, 'वहिनी, मी वेरावळाक आसंय.' तर म्हणते, 'असूंदे. तेंका सांगा.'

रविवारी देवळात गाऱ्हाणं घालायचं ठरलंय. घरातला प्रत्येक पुरुष हजर पाहिजे. जे बाहेर आहेत ते फोनवर, स्पीकर लावून. भाई गावकार देवाला सांगणार, बाकीच्यांनी 'व्हय महाराजा' म्हणायचं. लोकांचा व्हय आला नाही तर गाऱ्हाणं देवापर्यंत जात नाही. तिथेच पडून राहतं.

मे महिन्यात घरी जायचं. तिकीट काढलंय. घर, घर, घर. दुसरं काही सुचत नाही.

१३ एप्रिल, रविवार

फोन आला तेव्हा बर्फाच्या खोलीत होतो. तिथे रेंज धड नाही. भाईचा आवाज येत-जात होता — 'बा देवा महाराजा... ह्या तुझा लेकरू तुझ्या पायाकडे इला... जेचो हात तेच्यार पडलो, तो हात...' आणि कट.

बाहेर धावलो. परत लावला. आई रडत होती, पण आनंदाने. 'बरा केलंस रे झिला. तुझोच व्हय पयलो. अख्खा देऊळ दणाणला.'

म्हटलं, 'आये, माझो फोन कट झाललो. मी काय बोलूकच नाय.'

'सगळ्यांनी आयकल्यानी. देवाक खोटा पाडतंस?'

मी नाही बोललो. ओठ गार पडले होते, तेवढं खरं.

१४ एप्रिल

काय मागितलं ते आज कळलं. जो हात निलेशवर पडला, तो हात राहता नये.

१५ एप्रिल

लादीत हात नव्हता. दिवसभर नव्हता.

२१ एप्रिल

अजयचा मांगर जळला. काजूच्या बागेतलं राखणीचं खोपटं ते, वर झावळ्या. बिया चोरीला जातात म्हणून अजय आत झोपला होता. जिवानिशी वाचला. पेटती झावळी ढकलून बाहेर आला — दोन्ही हातांनी. कोपरापर्यंत गेले.

आग कशाने लागली हे गावात कोणी विचारत नाही. सगळे म्हणतात, देवाने केलं. बाबा फोनवर एकच वाक्य बोलले, 'झाला म्हटल्याप्रमाणे.' आवाजात ना दुःख ना आनंद. बस स्टँडला पोचली असं सांगावं तसा.

माझ्याबरोबर आचऱ्याचा अनिश आहे. त्याला सांगितलं. हसला. 'तुझी रेंज बरी आसा रे, आमची घरापर्यंत जायना.' पण जेवताना ताट घेऊन पलीकडे बसला.

२६ एप्रिल

खालच्या वाडीतल्या दत्तारामचा फोन. कधी करत नाही. आधी तब्येत, मग हवा. मग म्हणतो, 'सुशांता, भावकीत माझा पण जरा भांडाण आसा. मी गाऱ्हाणा घालतंय. तू फोनार येऊन फक्त व्हय म्हण. तुझो व्हय लागता.'

मी म्हटलं, कोणावर घालतोस?

म्हणाला, 'तां कित्याक व्हया तुका?'

फोन ठेवला. नंतर लक्षात आलं, मला राग आला नव्हता. आत कुठेतरी बरं वाटलं होतं. सातवीत शाळा सोडली, तेव्हापासून माझ्या शब्दाला कोणी विचारलेलं नाही.

२७ एप्रिल

त्या बरं वाटण्याची भीती वाटते.

४ मे, रविवार

नम्रता वहिनीचा फोन. हळू बोलत होती, मागे नळ सोडलेला. 'भावजी, कोणाक सांगा नको. मांगर जळलो त्या सकाळी ह्येंच्या डाव्या हाताचे केस जळलेले होते. शर्टाक घासलेटाचो वास. मी धुवून टाकलंय.'

म्हणजे देव नव्हे, निलेश.

मग दुसरं कळलं. आवाज एकच आमचा. देवळात फोन बाबांच्या हातात, निलेश त्यांच्या मागे उभा. तो पहिला व्हय त्याचा. लोकांना वाटलं फोनमधून आला, म्हणजे माझा. एवढं सोपं!

वहिनीला म्हटलं, 'तू माका काय सांगूक नाय.' ती म्हणाली, 'नाय सांगूक.' आणि नळ बंद केला.

पण लादीतला तो हात? तो रोज मीच फोडत होतो. निलेशने एकदाच केलं.

८ मे

अजयची आई, हौसाबाईकाकी, आता स्वतः देवळात जाणार. मला अंगाखांद्यावर खेळवलेली बाई. अजयला ती घास भरवते. आमच्याकडे वहिनी निलेशला. मधे एक कुंपण.

तिचं गाऱ्हाणं असं — ज्याच्या पहिल्या व्हयाने हे झालं, त्याचा पाय गावच्या शिवेत पडता नये.

आई म्हणाली, 'तू त्या दिवशी फोनार येव नको.'

म्हटलं, 'येतलंय.'

कारण गाऱ्हाण्यात नाव नसतं. ज्याचा व्हय होता त्याला ते लागणार. निलेशला. एका हाताचा माणूस गाव सोडून जाईल कुठे? बर्फ फोडायला?

११ मे, रविवार

आधीच कंपनीच्या गेटबाहेर जाऊन उभा राहिलो. रेंज पूर्ण.

भाई गावकाराने घातलं. 'बा देवा महाराजा, जेच्या पयल्या व्हयान ह्या झाला, तेचो पाय परत ह्या शिवेत पडू देव नको...' आणि थांबला. व्हयासाठी.

कोणी बोलेना. कोणाला तरी खोकला आला, त्याने तो दाबला. कुठे तरी कोंबडा आरवला. घंटेची साखळी हलत असावी, तेवढीच किणकिण. भाईने परत म्हटलं. परत तेच. या वेळी पहिला व्हय कोणालाच नको होता. सगळ्यांना ठाऊक, पहिल्याचं काय होतं ते.

गप्पपणा असाच राहिला असता तर एकेकजण आठवायला लागला असता — आवाज फोनमधून आला की मागून?

मी म्हटलं, 'तो व्हय माझो होतो, महाराजा.' मग मोठ्याने म्हटलं, 'व्हय महाराजा.'

माझ्यामागून सगळे. एकदम, सुटल्यासारखे. बाबा. अजय. बायका. त्यात आईचा आवाज मी ओळखला. सगळ्यांत शेवटी आला, पण आला.

तिकीट रद्द केलं.

१२ मे

निलेशचा फोन. रडत होता. 'आग मिया लावलंय रे. अजय आत झोपललो तां ठाऊक नव्हतां. तू व्हय म्हटलंस म्हणान माका धीर इलो. नायतर मी करूचंय नाय होतंय.'

म्हटलं, 'मी खंय म्हटलंय? तो तुझो आवाज. तू बाबांच्या मागे होतंस.'

'मी? मिया तोंडच उघडूक नाय. तुझी शपथ.'

मग आम्ही दोघंही गप. बराच वेळ. श्वासही धरलेला.

तेवढ्यात त्याच्या मागून, स्वयंपाकघरातून आई म्हणाली, 'कोण बोलता रे फोनार? निलेश की सुशांत?'