दोर सोडा

४ मार्च, सोमवार

दिग्दर्शकाला दिवे हवेत! म्हणे, तुमच्या समुद्रतळाच्या लोकांनी कपाळावरचे दिवे उघडझाप करून बोलावं, प्रेक्षकाला काही दिसायला नको का? मी म्हटलं, तिथे दिवा लावला की कोणीतरी येऊन खातं. माझे लोक गच्च काळोखात राहतात, एकमेकांच्या मनगटावर बोटं दाबून बोलतात. आवाज नाही, उजेड नाही. "प्रेक्षक झोपेल," म्हणाला. तासभर डोकेफोड केल्यावर तयार झाला. त्याच्या सिनेमासाठी मी रचतेय त्या भाषेचे महिनाअखेर तीनशे शब्द हवेत.

घरी आले तर माझ्या कामाच्या खोलीत सासूबाईंचा पलंग. आज दवाखान्यातून सोडलं. घशाच्या कॅन्सरच्या ऑपरेशनात स्वरपेटी काढली, आता बोलणं कायमचं गेलं. बाथरूम जवळ म्हणून हीच खोली. मला विचारलं नाही कोणी. माझं टेबल खिडकीशी ढकललंय आणि त्यावर औषधांचा ट्रे.

७ मार्च, गुरुवार

नवरा पुसता येणारी पाटी घेऊन आला. "आई, काय हवं ते यावर लिही." त्यांनी सही केली. "अगं सही नको, काय हवं ते लिही." त्यांनी खाली आणखी एक सही केली. मग पाटी भिरकावली.

हा स्वयंपाकघरात येऊन रडकुंडीला आला. "डोक्यावर परिणाम झालाय का गं तिच्या?"

 एकोणीस वर्षांत सासूबाईंना कधी काही लिहिताना पाहिलंय का मी? "चष्मा सापडत नाही, तूच वाच." किराण्याची यादीसुद्धा तोंडी. सही तेवढी येते, बाकी काही नाही. आणि मुलाला पत्ता नाही! जे त्यांनी जन्मभर झाकलं ते मी कशाला उघडं पाडू?

११ मार्च, सोमवार

वाक्यं करून बघायला माणूस लागतं. नवऱ्याचं नेहमीचंच, "आत्ता नको." शेवटी सासूबाईंचं मनगट धरलं. याच बाई पाहुण्यांना सांगायच्या, "आमची सून माशांना बाराखडी शिकवते." आज मात्र निमूट हात दिला.

माझ्या भाषेत एक नियम आहे. ऐकणाऱ्याने तेच वाक्य बोलणाऱ्याच्या मनगटावर परत उमटवायचं. काळोखात पोचलं की नाही, हे दुसरं कसं कळणार? परत आलं नाही तर बोलणारा पुन्हा बोलतो, परत येईपर्यंत बोलत राहतो.

"पाणी" दाबलं. त्यांनी परत दिलं. मला वाटलं, बोटं थरथरली असतील. दुपारी त्यांनी आपणहून माझा हात ओढून "पाणी" म्हटलं. मी धावत पेला आणला, तर पेला बाजूला सारून पुन्हा "पाणी". मी परत दिलं नव्हतं ना! दिलं, तेव्हा प्यायल्या. भारी कडक विद्यार्थिनी.

१५ मार्च, शुक्रवार

साठ शब्द येतात त्यांना. माझ्यापेक्षा पटापट जोडतात. नवऱ्याला सांगितलं, आई बोलायला लागल्यात. तो दारातच उभा राहिला. "मला नाही जमायचं. तू सांग मला ती काय म्हणते ते."

आज त्यांनी विचारलं, "तू. घर. दूर. का?" सात वर्षांपूर्वी मी तीन महिने माहेरी जाऊन राहिले होते, त्याबद्दल. मी दाबलं, "तुम्ही. बोलणं. टोचलं."  त्यांनी सगळं माझ्या मनगटावर परत दिलं, एकही शब्द न गाळता.

बाथरूममध्ये जाऊन रडले.

१८ मार्च, सोमवार

शेवटच्या प्रसंगाचं काम झालं. प्रवाहाने वाहून जाऊ नये म्हणून हे लोक स्वतःला दोराने खडकाशी बांधून घेतात. थकलेली म्हातारी आपल्या माणसांना सांगते, "दोर सोडा." दोन लांब दाब, मग अंगठा हळूच कोपराकडे ओढत न्यायचा. मस्त जमलंय! लगेच शब्दांच्या वहीत लिहून ठेवलं. दहा-बारा वेळा सासूबाईंच्या हातावर करून पाहिलं. म्हातारीची गोष्टही सांगितली त्यांना. प्रत्येक वेळी त्यांनी नीट परत दिलं.

२० मार्च, बुधवार

डॉक्टर म्हणाले, पसरलंय. पुढच्या मंगळवारी दुसरं ऑपरेशन, पहिल्यापेक्षा मोठं. "करून बघू. पण त्यांना विचारा, त्यांची इच्छा काय आहे."

घरी आल्यावर नवऱ्याने आईला सगळं समजावून सांगितलं. त्यांनी माझं मनगट घेतलं. दोन लांब दाब. अंगठा कोपराकडे.

आधी वाटलं, सराव करताहेत. मग चेहऱ्याकडे पाहिलं. मी परत दिलं नाही.

"काय म्हणते?" नवऱ्याने विचारलं.

"उशी नीट करा म्हणताहेत."

त्याने उशी नीट केली.

२२ मार्च, शुक्रवार

आज अकरा वेळा. प्रत्येक वेळी मी सांगते "उशी", आणि तो बिचारा उशी उचलतो, थोपटतो, ठेवतो. सासूबाई माझ्याकडे बघत राहतात.

संध्याकाळी डॉक्टरांचा फोन. नवऱ्याने माझ्याकडे पाहिलं. मी म्हणाले, "तयार आहेत त्या." किती सहज बोलले मी!

नवरा कोलमडेल म्हणून खोटं बोलते, असं स्वतःला सांगत होते. अर्धंच खरं. या घरात कोणी माझ्याशी आत्ता कुठे बोलायला लागलंय. मला ते सोडवत नाही. त्यासाठी त्यांचा गळा पुन्हा कापायला देतेय मी. ते वाक्यही मीच शिकवलं. लाज वाटते.

२४ मार्च, रविवार

आज त्यांनी माझा हात झटकला. थोड्या वेळाने पुन्हा धरला. दोर सोडा.

२५ मार्च, सोमवार

सकाळी चहा घेऊन गेले तर हा पलंगाच्या कडेला बसलेला, मनगट आईंच्या हातात. दोन लांब दाब, अंगठा कोपराकडे. मी "उशी" म्हणणार, तेवढ्यात त्याने त्यांचा हात हातात घेतला. दोन लांब दाब दिले. अंगठा हळूहळू कोपरापर्यंत नेला.

आईंनी डोळे मिटून घेतले. ते वाक्य पुन्हा बोलल्या नाहीत.

"तुझी शब्दांची वही मी रोज वाचायचो," हा म्हणाला. "उशी कधीच वाकडी नव्हती."

मग ऑपरेशन नको म्हणून डॉक्टरांना फोन करायला उठला.