तुमची ती इटलीवाली

आबा, तुमची ती सापडली. तुम्हाला जाऊन किती वर्षं झाली, मागून आई गेली, आमचे हे गेले, आणि आता या वयात बाळकुमच्या फ्लॅटमध्ये मी सोफ्यावर पाय वर घेऊन बसलेली असताना ती टीव्हीवर माझ्यासमोर आली. गुडघाभर पाण्यात उभी, कपडे वर खोचलेले, हातात भाताच्या रोपांची मूठ. नात कॉलेजात जुन्या पिक्चरांचं काहीतरी शिकते, तिचा अभ्यास चाललेला. मी ओरडलेच, "अगं थांबव, थांबव! ही माझ्या बापाची आहे." नात बघतच राहिली. "आजी, ही इटलीची हिरॉईन आहे." म्हटलं, "तेच सांगून सांगून थकले बिचारे. ऐकलं कुणी?"

तुम्ही कल्याणला थेटरात दारावर तिकिटं फाडायचात आणि महिन्या-दोन महिन्यांनी एसटीनं गावी यायचात. येताना माझ्यासाठी लिमलेटच्या गोळ्या आणि आईसाठी त्या बाईची खबर. पहिल्यांदा सांगितलंत ते अजून दिसतंय. तुम्ही चुलीपुढे पाट घेऊन बसलाय, आई भाकरी थापतेय. "इटलीत पण भात लावतात, कळलं का? गोऱ्या बायका. आणि त्यातली एक..." तिथेच चुकलात. आईचा हात थांबला. "गोऱ्या बायका चिखलात उतरतात? आणि तुम्ही बांधावर उभे होता वाटतं?" "अगं, पडद्यावर!" "भात कल्याणच्या आसपास पण होतो हो. मला माहीत आहे." त्या दिवशी तुमची भाकरी करपली. आईची भाकरी चुकून करपत नसे.

पण तुम्ही सुधाराल तर शपथ. पुढच्या खेपेला ती राणी झालेली, अंगावर रेशीम. आई म्हणाली, "कुणी घेऊन दिलं?" मग ती मठातली जोगीण झाली. आई म्हणाली, "म्हणजे भांडण झालं वाटतं." मग तिला अमेरिकेनं बोलावलं, आणि तेव्हा तुमचा चेहरा उतरलेला, हे आईनं बरोबर टिपलं. मग बरीच वर्षं काही नाही. शेवटी एकदा तुम्ही सांगितलंत की आता तिला हिरोच्या आईची कामं देतात, दोन मिनिटं येते नि रडून जाते. आई पदराला हात पुसत म्हणाली, "म्हातारी झाली ती. म्हणून घर आठवलं तुम्हाला." तुम्ही हसलात, मी हसले. आई हसली नाही. आमच्या ह्यांना धड गोष्ट सांगताच येत नसे, त्यामुळे मला संशय घ्यायची सोय नव्हती. पण आईनं तो जन्मभर जपला. शेवटी दवाखान्यात माझा हात धरून विचारते, "तुझ्या बापाची ती असेल का गं अजून? कोपरीला राहत असेल. तिकडे त्यांचं जाणं होतं."

म्हणून पिक्चर पुरा बघितला, साक्षीला बसल्यासारखा. बाई खरंच भात लावते. रोपं जरा वरवर खोचते, पण लावते. म्हणजे तुम्ही खोटं बोलला नव्हता. आईच्या फोटोपुढे जाऊन सांगावं म्हणून मी उठले, आणि परत बसले.

कारण पिक्चर काळा-पांढरा आहे, आबा. आणि विहिरीवर, आई जवळ नसताना, तुम्ही मला सांगितलेलं की तिच्या डोक्याला लाल फडकं असतं, पाण्यानं त्याचा रंग सुटतो आणि मानेवर लाल ओघळ येतो. सांगताना पोहरा तसाच हातात धरून उभे होतात, पाणी पायावर सांडत होतं. नात म्हणते, "आजी, पोस्टर रंगीत असायची ना." असतील. पण पोस्टरवरच्या फडक्याचा रंग सुटतो का? मानेवरचा ओघळ दिसायला जवळ उभं राहावं लागतं. दारावर तिकिटं फाडणाऱ्याला तो कुठून दिसला?

हे पत्र मी तुम्हाला पोचवायचा खटाटोप करणार नाही. दोघं एकाच ठिकाणी असाल, टपाल आधी आईच हातात घेणार. तिला अक्षर येत नव्हतं, तरी 'लाल' वर बरोबर बोट ठेवील आणि तिकडेही तुम्हाला करपलेली भाकरी. शिवाय माझंच एक नक्की होत नाहीये. भात लावायच्या दिवसांत तुम्ही रजा काढून यायचात. पाण्यात आई, तिच्या शेजारी तुम्ही, आणि मी लांब बांधावर. पावसाचं इरलं पाठीवर घ्यायच्या आधी आई डोक्याला काहीतरी घट्ट बांधायची. ते कुठल्या रंगाचं होतं, कालपासून आठवून बघतेय. नाही आठवत.